खान्देशातून फिगर स्केटिंग : पालक आणि मुलं वारंवार विचारतात ते प्रश्न

जळगावात मी मुलांना चाकांवरचं आर्टिस्टिक स्केटिंग शिकवते. हिवाळी ऑलिम्पिक टीव्हीवर दिसलं की भुसावळ, चाळीसगाव, धुळे, शिरपूर, नंदुरबार, शहादा अशा सगळ्या ठिकाणांहून पालकांचे फोन सुरू होतात. प्रश्न बहुतेक तेच असतात, म्हणून उत्तरं इथे एकत्र लिहिली आहेत. तुमचा प्रश्न थेट सापडला नाही तर शेजारचा वाचा. एकाचं उत्तर दुसऱ्यात असेल तिथे क्रमांक दिला आहे.

१. फिगर स्केटिंग म्हणजे नेमकं काय? आमच्या कॉलनीत पोरं स्केटिंग करतात तेच का?

कॉलनीतली बहुतेक मुलं स्पीड स्केटिंग करतात. एका ओळीत चाकं असलेले इनलाईन स्केट्स घालायचे आणि कोण आधी पोहोचतं ते बघायचं. फिगर स्केटिंगमध्ये शर्यत नसते. संगीतावर ठराविक वेळात उड्या, गिरक्या आणि पायांची नक्षी सादर करायची आणि परीक्षक गुण देतात. मूळ खेळ बर्फावरचा. १९०८ च्या लंडन ऑलिम्पिकमध्ये तो पहिल्यांदा आला, म्हणजे हिवाळी ऑलिम्पिक सुरू होण्याच्याही १६ वर्षं आधी. आज ऑलिम्पिकमध्ये पुरुष एकेरी, महिला एकेरी, जोडी, आइस डान्स आणि २०१४ पासून सांघिक असे पाच प्रकार आहेत. याच खेळाचं चाकांवरचं रूप म्हणजे आर्टिस्टिक रोलर स्केटिंग. त्यात पुढे दोन आणि मागे दोन अशी चार चाकं असतात. उड्यांची नावं बहुतेक तीच, शरीराची शिस्तही तीच.

२. जळगावात ४५ डिग्री ऊन. इथल्या पोरीने बर्फावरच्या खेळाचं स्वप्न बघायचं तरी कसं?

चाकांवरून बघायचं. हे मी समजूत घालायला म्हणत नाही. तारा लिपिन्स्की या अमेरिकन मुलीने तीन वर्षांची असताना चाकांवर सुरुवात केली, सहाव्या वर्षी ती बर्फावर गेली आणि १९९८ च्या नागानो ऑलिम्पिकमध्ये तिने सुवर्ण जिंकलं. चाकांवर शिकलेलं वाया गेलं नाही.

चाकांवर जे कमावता येतं ते मोठं आहे. गुडघा वाकवून एका पायावर तोल धरणं, पावलाच्या आतल्या आणि बाहेरच्या कडेवर झुकून वळण घेणं, त्याच वळणावर पुढून मागे फिरणं, उडीत हात छातीशी बांधून फिरणं, मागे सरकत एका पायावर उतरणं, तालावर चालणं आणि पडून उठणं. एवढं अंगात मुरायला बरीच वर्षं लागतात, आणि ती वर्षं खान्देशात घालवता येतात. उन्हाळ्यात आम्ही सकाळी सहाच्या आधी मैदानावर असतो, कारण नऊनंतर काँक्रीट तापतं आणि पडलेल्या मुलाचा तळहात भाजतो. आखाजीच्या (अक्षय्य तृतीयेच्या) आसपास तर संध्याकाळचा सराव दिवे लागल्यावरच घ्यावा लागतो. बर्फावर गेल्यावर नव्याने शिकावं लागतं ते वेगळं. त्यासाठी प्रश्न १९ वाचा.

३. सुरुवात कोणत्या वयात करावी? माझा मुलगा अकरा वर्षांचा आहे, उशीर झाला का?

पाच ते सात हे वय उत्तम. त्याआधी पायाची पकड तयार नसते आणि मूल लवकर कंटाळतं. अकरावं वर्ष उशिराचं आहे, पण दार बंद झालेलं नसतं. जॉनी वीअर बाराव्या वर्षाच्या सुमारास बर्फावर उतरला आणि पुढे २००४ ते २००६ अशी सलग तीन वर्षं अमेरिकेचा राष्ट्रीय विजेता झाला. असे खेळाडू थोडे असतात हे लक्षात ठेवा, पण मुलाला स्वतःला ओढ असेल तर अकराव्या वर्षी जरूर घाला. ओढ फक्त तुम्हाला असेल तर सहाव्या वर्षीही घालू नका.

४. कोणते स्केट्स घ्यावेत? ऑनलाइन पंधराशेला मिळतात ते चालतील का?

मूल टिकतं का ते बघण्यापुरते पहिले दोन-तीन महिने चालतील. त्यानंतर नाही. सरकवून लहान-मोठे करता येणारे स्केट्स घोट्याला आधार देत नाहीत आणि त्यांवर कड लागत नाही, म्हणजे पावलाच्या एका बाजूवर झुकून तोल धरता येत नाही. पुढे घोट्याच्या वर जाणारा कडक बूट आणि त्याला स्क्रूने बसवलेली चार चाकांची पाटी घ्या. बूट 'पुढच्या वर्षी पण होईल' म्हणून मोठा घेऊ नका. मोठ्या बुटात टाच उचलली जाते आणि मग कोच कितीही ओरडला तरी मुलाची कड स्थिर राहत नाही.

दोन गोष्टी घरी तपासता येतात. पहिली लेस. बोटांपाशी सैल, पायाच्या वळणापाशी, म्हणजे पाऊल आणि नळी मिळतात तिथे, सगळ्यात घट्ट, आणि वर नळीपाशी एक बोट आत जाईल इतकी मोकळी. बहुतेक घरी नेमकं उलट बांधतात : खाली आवळून आणि वळणापाशी सैल. मग अर्ध्या तासात मूल 'पाय सुन्न झाला' म्हणतं. दुसरी गोष्ट चाकांच्या वरचं रबर. स्केट उलटा धरून चाकांची जोडी हाताने डावी-उजवीकडे दाबून बघा. अजिबात हलत नसेल तर नट फार आवळलेला आहे आणि मूल झुकलं तरी स्केट वळणार नाही. पाव फेरा सैल करा, चालवून बघा, लागला तर आणखी पाव. वजनाने हलक्या मुलांच्या अर्ध्या तक्रारी या एका नटाने मिटतात.

५. बर्फावर सराव करायला कुठे जायचं?

खान्देशात बर्फाची रिंक नाही. मोठी रिंक हवी तर उत्तरेची वाट धरावी लागते. डेहराडूनला २०११ च्या दक्षिण आशियाई हिवाळी स्पर्धांसाठी बांधलेली बंदिस्त रिंक आहे. ती बरीच वर्षं बंद होती आणि २०२५ मध्ये पुन्हा सुरू झाली. गुरुग्रामच्या एका मॉलमध्ये रिंक आहे आणि तिथे वर्षानुवर्षं मुलं शिकत आली आहेत. शिमल्याची उघडी रिंक १९२० पासूनची, पण ती नैसर्गिक थंडीवर गोठते, म्हणून हिवाळ्यातले काही आठवडेच चालते. लडाख आणि काश्मीरमध्येही हिवाळी बर्फ मिळतो.

आपल्याला त्यातल्या त्यात सोयीचं म्हणजे भुसावळहून दिल्लीची गाडी पकडून गुरुग्राम किंवा पुढे डेहराडून. निघण्याआधी रिंकवर फोन करून तीन गोष्टी विचारा : रिंक चालू आहे का, फिगर स्केटिंगसाठी वेगळी वेळ ठेवली आहे का (हॉकी आणि गर्दीच्या वेळेत उड्यांचा सराव होत नाही), आणि भाड्याचे स्केट्स फिगरचे आहेत की हॉकीचे. हॉकीच्या पात्याला पुढे दात नसतात. त्यावर चार दिवस घालवून मूल परत आलं तर तिकिटाचे पैसे गेले समजा.

६. खर्च किती येतो? खरं सांगा.

चाकांवरची पहिली वर्षं मध्यमवर्गीय घराला झेपतात. डान्स क्लास किंवा क्रिकेट अकॅडमीच्या आसपासचा खर्च येतो, वर बूट. बर्फावर मात्र हिशोब पार बदलतो. दुहेरी-तिहेरी उड्या सोसणारे चांगले बूट आणि वेगळं विकत मिळणारं ब्लेड मिळून लाखाच्या घरात आणि वरही जातात, आणि वाढत्या वयात पाऊल दरवर्षी बदलतं. त्यात रिंकचं भाडं, कोचची फी, नृत्यदिग्दर्शन, पोशाख, ब्लेडला धार, प्रवास आणि एका पालकाचा परगावचा मुक्काम. केळीचा भाव पडला की ज्या घराचं वर्ष बिघडतं त्या घराने जमिनीवर कर्ज काढून हा खेळ करू नये असं माझं स्पष्ट मत आहे. कोणी 'दोन वर्षांत इंटरनॅशनल करतो' म्हणून एकरकमी पैसे मागत असेल तर त्याला नाही म्हणा.

झेपेल असा एक रस्ता आहे : वर्षभर चाकांवर सराव, दिवाळीच्या आणि उन्हाळ्याच्या सुटीत बर्फावरची शिबिरं. तीन-चार वर्षं असं केल्यावर मुलाची झेप दिसते. मोठा खर्च त्यानंतरचा.

७. सहा उड्या असतात म्हणे. टीव्हीवर सगळ्या सारख्याच दिसतात, ओळखायच्या कशा?

उतरताना सगळ्या सारख्या : मागे सरकत, पायाच्या बाहेरच्या कडेवर. फरक उडतानाचा. म्हणून हवेत किती फिरली ते बघू नका, उडण्याआधीचं पाऊल बघा.

अॅक्सेल सगळ्यात सोपी ओळखायला. ही एकटीच तोंड पुढे करून मारतात, बाकी पाचही पाठमोऱ्या. पुढून उडून मागे उतरायचं म्हणून अर्धा फेरा जास्त बसतो : दुहेरी अॅक्सेल म्हणजे अडीच फेरे. उरलेल्या पाचांत दुसऱ्या पायाचं टोक बर्फात रोवून उडतात त्या तीन : टो लूप, फ्लिप आणि लुट्झ. टोक न रोवता नुसत्या कडेवरून उठतात त्या दोन : सॅल्को आणि लूप. सॅल्कोत मोकळा पाय पुढे झोकला जातो. लूपमध्ये दोन्ही पाय जवळजवळ जुळलेले असतात आणि खुर्चीतून उठल्यासारखी उडी निघते.

फ्लिप आणि लुट्झ यांत भले भले चुकतात. फ्लिप आतल्या कडेवरून, लुट्झ बाहेरच्या कडेवरून. लुट्झमध्ये खेळाडू कोपऱ्याकडे लांबलचक वळण घेत मागे जातो आणि उडीत त्या वळणाच्या उलट दिशेने फिरतो. म्हणून ती अवघड. पुष्कळ जण शेवटच्या क्षणी आतल्या कडेवर घसरतात आणि गुण कापले जातात.

सॅल्को, अॅक्सेल आणि लुट्झ ही माणसांची नावं आहेत. अॅक्सेल पाउलसेनने आपली उडी १८८२ मध्ये दाखवली. स्पर्धेत मान्यता मिळालेली पहिली चार फेऱ्यांची उडी कर्ट ब्राउनिंगने १९८८ मध्ये मारली, ती टो लूप होती. चार फेऱ्यांची अॅक्सेल, म्हणजे साडेचार फेरे, २०२२ मध्ये इलिया मालिनिनने पहिल्यांदा स्पर्धेत यशस्वी केली.

८. गुण कसे देतात? माझी मुलगी एकदाही पडली नाही, तरी पडलेली मुलगी पुढे गेली. हा अन्याय नाही का?

बहुतेक वेळा नाही. आधी पद्धत समजून घ्या.

पूर्वी सहापैकी गुण असत. २००२ च्या सॉल्ट लेक सिटी ऑलिम्पिकमध्ये जोडी प्रकाराच्या निकालावरून मोठा गदारोळ झाला, शेवटी दोन जोड्यांना सुवर्ण द्यावं लागलं, आणि त्यानंतर आजची पद्धत आली. आता प्रत्येक उडीला, गिरकीला, पदन्यासाला ठरलेली मूळ किंमत असते. तक्त्यात तिहेरी टो लूपला ४.२०, तिहेरी लुट्झला ५.९०, तिहेरी अॅक्सेलला ८. तांत्रिक पथक ठरवतं की उडी कोणती होती आणि फेरे पूर्ण झाले का. मग परीक्षक तिच्या दर्ज्यासाठी उणे पाच ते अधिक पाच देतात. त्यांतले सर्वांत वरचे आणि सर्वांत खालचे गुण वगळून सरासरी काढतात. याशिवाय रचना, सादरीकरण आणि स्केटिंग कौशल्य यांचे वेगळे गुण. पडल्याबद्दल एक गुण वजा, आणि त्या उडीचा दर्जाही तळाला जातो.

आता तुमचा प्रश्न. जी मुलगी अवघड उडी मारून पडली, पण फेरे पूर्ण केले, तिला मूळ किंमत मिळते. जी पडली नाही, पण उडीत पाव फेऱ्यापेक्षा जास्त कमी पडली, तिच्या नावापुढे '<' अशी खूण येते आणि किंमतच घटते. अर्धा फेरा कमी असेल तर दोन खुणा, आणि उडी एक फेरा खालची धरतात. प्रेक्षागृहातून हे दिसत नाही. स्पर्धा संपल्यावर गुणपत्रक मागून घ्या आणि मुलीबरोबर बसून ओळीओळीने वाचा. पंचांशी भांडण्यापेक्षा त्या कागदावरून पुढच्या सहा महिन्यांचा अभ्यास ठरवा. कार्यक्रमाच्या उत्तरार्धातल्या शेवटच्या उड्यांना दहा टक्के जास्त मिळतात, तेही त्यात दिसेल.

९. स्पर्धांची पायरी कशी असते? राज्य, राष्ट्रीय, मग थेट ऑलिम्पिक का?

चाकांवर : जिल्हा, राज्य, राष्ट्रीय, मग आशियाई आणि जागतिक. बर्फावर : देशाच्या आइस स्केटिंग संघटनेची राष्ट्रीय स्पर्धा, तिथून निवड होऊन ज्युनिअर ग्रांप्रीसारख्या आंतरराष्ट्रीय स्पर्धा. जागतिक आणि चार खंड (युरोप सोडून बाकीच्या खंडांची) स्पर्धेत उतरायला नुसती राष्ट्रीय विजेती असून भागत नाही. आधी मान्यताप्राप्त स्पर्धेत किमान तांत्रिक गुण मिळवून दाखवावे लागतात. ऑलिम्पिकच्या एकेरीत साऱ्या जगातून तिसाच्या आसपास जागा, आणि त्याही आदल्या वर्षीची जागतिक स्पर्धा व एका पात्रता स्पर्धेतून ठरतात.

एक कळकळीची सूचना. 'नॅशनल', 'इंटरनॅशनल' अशी मोठी नावं लावून प्रवेश फी घेणाऱ्या खाजगी स्पर्धा भरपूर आहेत. मुलाला मंचाचा सराव म्हणून ठीक, पण त्या प्रमाणपत्राचा निवडीला किंवा नोकरीला उपयोग नसतो. स्पर्धा मान्यताप्राप्त संघटनेची आहे का हे जिल्हा क्रीडा अधिकारी कार्यालयात विचारून घ्या, मगच पैसे भरा.

१०. भारताचं यात आजवर काय झालंय?

चाकांवर पदक आहे. २०१० च्या ग्वांगझू आशियाई स्पर्धेत अनुप कुमार यामाने आर्टिस्टिक रोलर स्केटिंगच्या एकेरीत कांस्य मिळवलं आणि अवनी पांचाळबरोबर जोडीतही कांस्य. पुढे त्याला अर्जुन पुरस्कार मिळाला. आमच्या मुलांना मी हे नाव पहिल्या आठवड्यातच सांगते. बर्फावर भारताची फिगर स्केटर अजून ऑलिम्पिकला पोहोचलेली नाही. अमेरिकेत वाढलेली तारा प्रसाद भारताकडून खेळते आणि २०२५ च्या हार्बिन आशियाई हिवाळी स्पर्धेत तिने महिला एकेरीत आठवा क्रमांक मिळवला.

११. पूर्वी पंधराव्या वर्षी मुली ऑलिम्पिक जिंकायच्या. आता सतराची अट कशाला?

मुलींच्या भल्यासाठी. २०२२ च्या बीजिंग ऑलिम्पिकमध्ये रशियाच्या पंधरा वर्षांच्या कामिला वालियेवाचं उत्तेजक चाचणीचं प्रकरण साऱ्या जगाने पाहिलं. त्याच वर्षी आंतरराष्ट्रीय संघटनेने वरिष्ठ गटाचं किमान वय टप्प्याटप्प्याने १५ वरून १७ केलं. २०२४–२५ च्या हंगामापासून ते पूर्ण लागू आहे. वय १ जुलैच्या आधी पूर्ण हवं. म्हणजे २ जुलैचा जन्म असेल तर वर्षभर थांबावं लागतं. शाळेच्या दाखल्यावरची जन्मतारीख पासपोर्टवरही तीच आहे ना, हे आत्ताच तपासा. आपल्याकडे शाळेत घालताना जूनची तारीख लावण्याची सवय अजून गेलेली नाही.

ही अट खान्देशातल्या मुलींना सोयीचीच आहे. उशिरा बर्फावर जाणाऱ्या मुलीला दोन वर्षं जास्त मिळतात.

१२. कोच म्हणतात वजन कमी करा. काय खायला द्यायचं?

वाढत्या वयाच्या मुलीला वजन कमी करायला सांगणाऱ्या कोचकडून मूल काढून घ्या. रशियाची युलिया लिपनित्स्काया पंधराव्या वर्षी सोची ऑलिम्पिकमध्ये सांघिक सुवर्ण जिंकली आणि एकोणिसाव्या वर्षी, खाण्याच्या आजाराशी झुंजत, तिने खेळ सोडला. कमी खाऊन मूल काही महिने जास्त फिरतं, मग हाड साथ सोडतं. पाळी येणं थांबलं, सारखी दुखापत होऊ लागली किंवा मूल ताटावर बसायचं टाळू लागलं, तर सराव थांबवून डॉक्टरांकडे न्या.

घरचं जेवण पुरेसं आहे : कळण्याची भाकरी, डाळ, पालेभाजी, दूध, अंडी चालत असतील तर अंडी, सरावानंतर केळी. शेवभाजी आणि भरीत बंद करायची गरज नाही, सरावाच्या आधी लगेच नको एवढंच. बाजारातल्या पावडरी आणि 'ताकदीचे' चूर्ण देऊ नका. त्यात काय मिसळलंय ते डब्यावर लिहिलेलं नसतं, आणि उत्तेजक चाचणीत सापडलेल्या गोष्टीची जबाबदारी खेळाडूचीच धरली जाते. सर्दीचं औषधसुद्धा डॉक्टरांना 'मुलगी स्पर्धेत खेळते' असं सांगूनच घ्या.

१३. "पोर पडनी, हात मोडना ते पुढे लगीनले अडचण व्हई ना? कशाले हाई उद्योग?"

चोपड्याकडच्या एका आजींचा हा प्रश्न. अशाच काळजीने पुष्कळ आजी विचारतात, म्हणून नीट उत्तर देते.

आजी, पोर पडेल. आम्ही पहिल्याच दिवशी पडायला शिकवतो : गुडघे वाकवायचे, कुशीवर, मांडीच्या बाजूने बसायचं, हात मागे टेकवायचे नाहीत, बोटं मुठीत. नव्या मुलांचं मनगट दुखावतं ते मागे हात टेकल्यामुळेच. हेल्मेट, मनगटपट्ट्या, गुडघ्यांचे पॅड हे सुरुवातीला सक्तीचे. पडल्यावर मनगट सुजलं, वाकडं दिसलं किंवा मूल बोटं हलवेना, तर मालिश करून हाड बसवणाऱ्याकडे नेऊ नका, थेट एक्स-रे काढा. लहान मुलांच्या हाडाच्या टोकाशी वाढीचा भाग असतो आणि तो चोळण्याने बिघडू शकतो. नीट बसवलेलं लहान वयातलं हाड चांगलं जुळतं.

लग्नाचं म्हणाल तर ज्या पोरीने शंभर लोकांसमोर पडून, उठून, गाणं संपेपर्यंत नाच पूर्ण केला, तिला हाताच्या जुन्या खुणेवरून नाकारणारं घर तिच्या लायकीचं नाही.

१४. मुलगा आहे, नाचाचा खेळ म्हणून नातेवाईक हसतात. काय सांगू?

या खेळात, ज्याच्या नावाची उडी आहे त्या सॅल्कोसारखा दहा वेळा जगज्जेता झालेला पुरुष आहे. २०१४ आणि २०१८ अशी लागोपाठ दोन ऑलिम्पिक सुवर्णं जिंकणारा जपानचा युझुरू हान्यू आहे. एका पायावर, मागे सरकत, उडीचा सगळा दणका झेलायला मांडीत काय ताकद लागते ते हसणाऱ्यांना एकदा मैदानावर बोलावून दाखवा. उलट जागतिक स्पर्धा सुरुवातीला पुरुषांचीच समजली जायची. १९०२ मध्ये मॅज सायर्सने त्यात उतरून दुसरा क्रमांक मिळवला आणि मग १९०६ पासून महिलांची वेगळी स्पर्धा सुरू झाली.

१५. एवढा तोकडा पोशाख घालावाच लागतो का?

नाही. महिलांना पूर्ण लांबीची पँट घालायला २००४ पासून परवानगी आहे. स्कर्टच हवा असेल तरी खाली जाड टाइट्स असतात आणि 'उघडे' दिसणारे हात बहुतेक वेळा कातडीच्या रंगाच्या कापडाने झाकलेले असतात. मुलीला ज्यात मोकळं वाटतं ते शिवा. टिकल्या हाताने पक्क्या टाका. मैदानावर गळालेली टिकली दुसऱ्याच्या चाकाखाली आली की तो पडतो, आणि पोशाखाचा भाग गळाला तर गुणही कापतात.

१६. हिंदी-मराठी गाणं चालतं का? भरतनाट्यमचा उपयोग होतो का?

चालतं. एकेरी आणि जोडीत शब्द असलेली गाणी २०१४–१५ च्या हंगामापासून मान्य आहेत, आइस डान्समध्ये त्याआधीपासून होती. मेरिल डेव्हिस आणि चार्ली व्हाइट या अमेरिकन जोडीने २०१० च्या व्हँकुव्हर ऑलिम्पिकमध्ये हिंदी चित्रपटसंगीतावर नृत्य केलं आणि त्या स्पर्धेत रौप्य जिंकलं. भरतनाट्यम किंवा कथक शिकलेली मुलं तालात आणि चेहऱ्याने पुढे असतात. मांडी वाकवून बसण्याची त्यांची सवयही कामी येते. फक्त पाऊल आपटायची सवय सोडवावी लागते.

१७. दहावीला बंद करायचं का? नोकरीला फायदा होतो का?

बंद नको, कमी करा. वर्षभर पूर्ण थांबलेलं शरीर परत आणायला तेवढाच काळ जातो, आणि मधल्या वाढीमुळे तोलाचा बिंदूही बदललेला असतो. आठवड्यातून तीन सकाळ पुरतात.

महाराष्ट्रात शासकीय नोकरीत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे. मात्र ते ठरावीक खेळांतल्या ठरावीक कामगिरीलाच मिळतं आणि प्रमाणपत्राची पडताळणी विभागीय क्रीडा उपसंचालकांकडून करून घ्यावी लागते. आपला विभाग नाशिक. नियम बदलत राहतात, म्हणून त्या वर्षीचा शासन निर्णय बघा. खाजगी स्पर्धांबद्दल प्रश्न ९ मध्ये लिहिलंय ते इथे सगळ्यात जास्त लागू पडतं.

१८. माझी मुलगी इतरांच्या उलट दिशेने फिरते. सुधारायचं का?

नाही. बहुतेक जण घड्याळाच्या उलट दिशेने फिरतात, काही जण घड्याळाच्या दिशेने. दोन्हींना गुण सारखेच. जमिनीवर उभं करून 'उडी मारून फिर' एवढंच सांगा, सहज ज्या बाजूला वळेल ती तिची बाजू. डावखुरेपणावरून ठरवू नका, पुष्कळ डावखुरी मुलं नेहमीच्याच दिशेने फिरतात. एकच काळजी : गर्दीच्या रिंकवर तिच्या लुट्झचा कोपरा इतरांच्या उलट असतो, त्यामुळे धडक होऊ शकते. कोचने तिला वेगळी वेळ द्यावी.

१९. चाकांवर सगळ्या दुहेरी उड्या येतात. बर्फावर लगेच येतील ना?

लगेच नाही. पहिले काही दिवस मूल निराश होतं, म्हणून आधीच सांगून ठेवा. चाकांचा स्केट जड असतो, ब्लेडचा हलका. त्यामुळे पहिल्या उड्यांत मूल जास्त फिरतं आणि उतरणं चुकतं. फिगर ब्लेड जेमतेम चार मिलिमीटर रुंद, मध्ये खोबण, दोन्ही बाजूंना धारदार कडा. चाकांवर कड दाबून मिळवावी लागते, बर्फावर ती नुसत्या झुकण्याने चावते. चाकांची सवय असलेलं मूल जास्त दाबतं आणि अडखळतं. चाकांच्या पुढचा रबरी स्टॉपर घासून थांबायला असतो, बर्फावर तसं पुढे वाकलं तर ब्लेडचे दात रुततात आणि तोंडावर आपटायला होतं. गिरकीचा बिंदूही वेगळा, तो ब्लेडच्या वाकाच्या पुढच्या भागावर सापडतो.

म्हणून शिबिराचे पहिले तीन दिवस उड्या बंद. फक्त कडा, थांबणं आणि साध्या गिरक्या. घाई न केलेली मुलं आठवड्याच्या शेवटी एकेरी उड्यांपर्यंत पोहोचलेली मी पाहिली आहेत. खेळून झाल्यावर ब्लेड फडक्याने कोरडं पुसा, प्लॅस्टिकच्या कव्हरमध्ये ओलं ठेवलं तर रात्रीत गंजतं. आणि मे महिन्यात बूट गाडीच्या डिकीत ठेवू नका, तळाचा गोंद सुटतो.

२०. जळगावात किंवा धुळ्यात बर्फाची रिंक होऊ शकते का? सिंथेटिक चालेल का?

पूर्ण आकाराची रिंक ६० बाय ३० मीटर. तेवढ्या फरशीखाली थंड द्रावणाचे नळ फिरवायचे आणि बर्फ शून्याखाली तीन-चार अंशांवर धरून ठेवायचा, बाहेर ४५ अंश असताना. भिंती-छपराचं तापरोधन, हवेतला दमटपणा कमी करणारी यंत्रं आणि रात्रंदिवस वीज. तंत्राने शक्य आहे, दुबईत चालतंच. पण डेहराडूनसारख्या थंड गावातली रिंकही वर्षानुवर्षं बंद राहिली, कारण बांधून भागत नाही, चालवणंही महाग. त्याआधी प्रत्येक तालुक्याला छप्पर असलेली गुळगुळीत फरशी मिळावी, असं मला वाटतं. ती मागणी नगरपालिकेकडे करता येते आणि पूर्णही होऊ शकते. सिंथेटिक म्हणजे प्लॅस्टिकचे जोडलेले पत्रे. ब्लेड घालून पावलं आणि साध्या उड्या होतात. घर्षण जास्त, धार लवकर जाते, सरक कमी. शिबिराच्या आधी आठवडाभर सवय करायला ठीक.

२१. या खेळात करिअर किती वर्षांचं? मध्येच सोडावं लागलं तर?

एकेरीत बहुतेक जण पंचविशीच्या आत थांबतात. पण डियाना स्टेलाटो-डुडेकचं उदाहरण लक्षात ठेवा. २००० मध्ये ज्युनिअर जागतिक रौप्य, मग कमरेच्या सांध्याच्या दुखापतीमुळे निवृत्ती, पंधराएक वर्षांनी परत येऊन जोडी प्रकारात सुरुवात, आणि २०२४ मध्ये वयाच्या चाळिशीत जगज्जेतेपद. सोडल्यावर कोच, परीक्षक, तांत्रिक तज्ज्ञ, नृत्यदिग्दर्शक, शोमधले स्केटर असे रस्ते असतात. आपल्या भागात चाकांवरच्या प्रशिक्षित कोचची आणि पंचांची फार गरज आहे. राज्य पातळीपर्यंत खेळलेल्या मुलीने पंच परीक्षा दिली तर तिला काम मिळतं.

२२. मुलीचे मामा अमेरिकेत आहेत. तिला तिकडे पाठवून भारताकडून खेळवता येईल का?

येईल, पासपोर्ट भारतीय राहिला तर. ऑलिम्पिकला ज्या देशाकडून खेळायचं त्याचं नागरिकत्व लागतं, आणि भारत दुहेरी नागरिकत्व मानत नाही. परदेशी नागरिक झालेल्या भारतीयांना मिळणारं ओसीआय कार्ड म्हणजे नागरिकत्व नव्हे. म्हणून तिकडे ग्रीन कार्ड चालेल, अमेरिकन नागरिकत्व घेतलं की भारताचा रस्ता बंद होतो. ती तिथे एखाद्या स्पर्धेत दुसऱ्या देशाकडून उतरली, तर नंतर देश बदलायला आधीच्या संघटनेची परवानगी आणि थांबण्याचा काळ आड येतो. तेव्हा पहिला आंतरराष्ट्रीय अर्ज भरण्याआधी भारतीय संघटनेला लिहून विचारा आणि उत्तर कागदावर घ्या. आणि बारा वर्षांच्या मुलीला आई-बापाशिवाय पाठवायचं असेल, तर आधी एका सुटीपुरतं पाठवून बघा. रोज व्हिडिओ कॉलवर ती रिंकबद्दल बोलते की घरी कधी आणाल असं विचारते, त्यावरून ठरवा.